तारेचा रंग आणि तारेंतील वीज

तांब्याच्या तारेला स्वतःचा असा एकच रंग असतो, आणि विजेला तर मुळींच रंग नसतो. मोटारींतील तारांच्या वेष्टनाला जो तांबडा, काळा अथवा तपकिरी रंग दिसतो, तो कारखानदारानें दिलेला असतो. ती एक खूण होय. गाडी बांधणाऱ्यानें, पुढें कधीं तरी ती दुरुस्त करणाऱ्या अनोळखी कारागिरासाठीं ठेवलेला तो निरोप होय. निरोप वाचणाऱ्यास लिहिणाऱ्याची भाषा येत असेल तरच त्याचा उपयोग. चुकीचा वाचलेला निरोप हा न मिळालेल्या निरोपाहून अधिक घातक ठरतो. पुण्याच्या रस्त्यांवरून गेल्या पाऊणशें वर्षांत इंग्लंड, अमेरिका, जर्मनी, इटली आणि जपान ह्या देशांच्या परंपरेंतील गाड्या धांवल्या. ह्या निरोपाच्या निरनिराळ्या भाषा जेथें एकमेकींना भेटल्या, अशा शहरांत पुण्याची गणना करावी लागेल.

आरंभींच्या मोटारींत हा प्रश्नच नव्हता. कार्ल बेंझ ह्यानें १८८६ सालीं ज्या तीनचाकी गाडीचें पेटंट घेतलें, तींत वीज होती, पण ती केवळ इंधनाला ठिणगी देण्यापुरती. पुढें कित्येक वर्षें रात्रीं रस्ता दाखविण्याचें काम तेलाचे किंवा ॲसिटिलीन वायूचे दिवे करीत, आणि इंजिन सुरू करण्याचें काम माणसाचा दंड करी. हँडल उलट फिरून मनगट मोडणें ही त्या काळीं नवलाची गोष्ट नव्हती. १९१२ सालीं चार्ल्स केटरिंग ह्या अमेरिकन शोधकाच्या योजनेप्रमाणें कॅडिलॅक मोटारींत विजेचा स्टार्टर बसविण्यांत आला. त्याच्या मागोमाग बॅटरी, डायनामो, दिवे, हॉर्न अशी सारी मंडळी गाडींत कायमची वस्तीस आली, आणि तारांची संख्या वाढत गेली.

तारा कमी लागाव्यात म्हणून एक युक्ति योजण्यांत आली. वास्तविक प्रत्येक दिव्यास वीज नेणारी एक आणि परत आणणारी एक, अशा दोन तारा हव्यात. परंतु गाडीचा सांगाडा लोखंडाचा असल्यामुळें परतीचें काम त्याच्याकडेच सोंपविलें. बॅटरीचें एक टोंक सांगाड्याला जोडलें कीं प्रत्येक दिव्याची एक तार वांचली. ह्या जोडणीला कारागीर ‘अर्थ’ म्हणतात. तारा निम्म्या झाल्या, पण धोका वाढला. सबंध पत्राच परतीचा मार्ग बनल्यानें, बॅटरीकडून आलेली उघडी तार त्याला कोठेंही टेंकली, कीं मधें ना दिवा ना मोटर, अशा मोकळ्या वाटेनें वीज धांवत सुटते. म्हणूनच कोणती तार बॅटरीची आणि कोणती अर्थची, हें ओळखणें हा मोटारींतील विजेच्या कामाचा पहिला धडा ठरला.

हें ओळखणें सोपें व्हावें म्हणून रंग आले. इंग्लंडांत विजेचें साहित्य पुरविण्यांत बर्मिंगहॅमची ल्यूकस कंपनी अग्रेसर होती. तिच्या पद्धतींत प्रत्येक रंगास काम नेमून दिलेलें असे. तपकिरी तार बॅटरीकडून थेट येणारी, म्हणजे सदैव जिवंत. पांढरी तार किल्ली फिरविल्यावर जिवंत होणारी. हिरवी तार किल्लीनंतर फ्यूजमधून पुढें जाणारी. निळी मोठ्या दिव्यांची, तांबडी बाजूच्या व मागच्या लहान दिव्यांची, आणि काळी अर्थची. मूळ रंगावर दुसऱ्या रंगाची बारीक रेघ असली, म्हणजे ती त्या कुळाची पोटशाखा समजावयाची: निळ्यावर पांढरी रेघ म्हणजे लांबचा झोत, निळ्यावर तांबडी रेघ म्हणजे जवळचा झोत, हिरव्यावर तांबडी रेघ म्हणजे वळणाचा डावा दिवा, हिरव्यावर पांढरी म्हणजे उजवा. मूळ रंग हें जणूं आडनांव आणि रेघ हें नांव. १९६३ सालीं ब्रिटिश मानकसंस्थेनें ह्याच धर्तीवर मोटारींच्या तारांचें अधिकृत मानक प्रसिद्ध केलें.

१ जून १९४८ रोजीं पुणें आणि अहमदनगर ह्यांमधें राज्य परिवहनाची पहिली बस धांवली. त्या सुरुवातीच्या काळांत एस. टी. च्या ताफ्यांत बेडफर्ड, शेव्हरोले, फोर्ड, स्टुडबेकर, मॉरिस कमर्शियल, आल्बियन, लेलँड, फियाट अशा नाना घराण्यांच्या गाड्या होत्या. कांहीं इंग्रज, कांहीं अमेरिकन, एखादी इटालियन. ह्यांतील एका गाडीवर शिकलेलें ज्ञान दुसरीवर जसेंच्या तसें लागू पडेल, अशी खात्री नव्हती. त्यांत इंग्रज गाड्यांची आणखी एक तऱ्हा होती. साधारण १९३५ नंतर १९६५ च्या सुमारापर्यंत त्यांपैकीं अनेकांत बॅटरीचें धन टोंक सांगाड्याला जोडलेलें असे. आज सर्वत्र ऋण टोंक जोडतात. बॅटरी नेहमींच्या संवयीनें उलटी बसविली, तर डायनामोसारख्या सामानाची हानि होई.

शिवाय त्या काळच्या तारांना आजच्यासारखें प्लॅस्टिकचें वेष्टन नसे. तांब्यावर रबर, आणि रबरावर रंगीत सुताचें विणकाम, अशी तिची घडण असे. चार-सहा वर्षांच्या उन्हानें, इंजिनाच्या उष्णतेनें, तेलानें आणि धुळीनें सुताचे सारे रंग एकाच मातकट रंगांत विरून जात. तपकिरी कोणती, जांभळी कोणती आणि तांबडी कोणती, हें डोळ्यांना कळेनासें होई. आंतील रबरही तडकून गळूं लागे. ज्याच्या भरंवशावर काम करावयाचें, तो रंगच नाहींसा झाल्यावर कारागिरानें काय करावें? त्यानें रंगाऐवजीं विजेलाच विचारण्याची रीति धरली. लहानसा दिवा, त्याला दोन तारा. एक तार सांगाड्याला चिमट्यानें लावावयाची आणि दुसरीचें टोंक संशयित तारेला टेंकवावयाचें. दिवा लागला तर तार जिवंत. किल्ली काढल्यावरही लागला तर ती थेट बॅटरीची. किल्ली फिरविल्यावरच लागला तर ती किल्लीनंतरची. काडेपेटींत मावेल अशा ह्या साधनानें जी खात्री होई, ती छापील नकाशानेंही होत नसे.

१९५८ सालीं ह्या कथेंत आणखी एक भाषा आली. त्या सालीं फिरोदियांनीं जर्मनींतील टेम्पो कारखान्याच्या सहकार्यानें बजाज टेम्पो ही कंपनी काढली. तिचा कारखाना पुढें आकुर्डीस आला, आणि तिच्या तीनचाकी मालगाडीचें नांव इतकें रुळलें कीं मराठींत कोणत्याही लहान मालगाडीला ‘टेम्पो’ म्हणूं लागले. १९५४ पासून जर्मनीच्या डायम्लर-बेंझशीं करार असलेल्या टेल्कोनें १९६६ सालीं पुण्याजवळ पिंपरीच्या भागांत आपला कारखाना उभारण्यास प्रारंभ केला. जर्मनांनीं आपली रंगपद्धति स्वतंत्रपणें ठरविली होती. तींत तांबडी तार बॅटरीकडून थेट येणारी. काळी तार किल्ली फिरविल्यावर जिवंत होणारी. आणि तपकिरी तार अर्थची.

इंग्रजी आणि जर्मन हे दोन पाठ शेजारीं ठेवून पाहिले म्हणजे त्यांतील संकट ध्यानांत येतें. इंग्रजी पाठांत काळी अर्थची आणि तपकिरी जिवंत. जर्मन पाठांत तपकिरी अर्थची आणि काळी जिवंत. अँबॅसडर मोटार मुळांत इंग्लंडच्या मॉरिस ऑक्सफर्डवरून घेतलेली. तिच्यावर हात बसलेला कारागीर जर्मन पद्धतीच्या गाडीला जादा हॉर्न बसवूं लागला, आणि ‘काळी ती अर्थ’ ह्या समजुतीनें त्यानें काळी तार पत्र्याला बांधली, तर किल्ली फिरवितांच फ्यूज उडणार. ही शिक्षा सौम्यच म्हणावयाची. परंतु जर्मन गाडीवर शिकलेल्यानें अँबॅसडरची तपकिरी तार अर्थ समजून पत्र्याला बांधली, तर परिणाम भयंकर होतो. इंग्रजी पद्धतींत ती मुख्य तार बॅटरीकडून निघून किल्लीपर्यंत बहुधा फ्यूजवांचूनच जाते. वाटेंत तिला अडविणारें कोणीच नसल्यानें ती क्षणांत तापून लाल होते, आणि शेजारच्या तारांचीं वेष्टनेंही पेटवून देते. दोन्ही कारागीर आपापल्या परीनें बरोबरच असतात. चूक होते ती एका भाषेंतील शब्दाचा अर्थ दुसऱ्या भाषेंत तोच असेल, असें धरून चालण्यांत.

जर्मनांनीं रंगांच्या जोडीला आणखी एक सोय केली. जोडणीच्या टोंकांना त्यांनीं अंक दिले: ३० म्हणजे बॅटरी, १५ म्हणजे किल्लीनंतरची वीज, ३१ म्हणजे अर्थ. साहित्यावर उठविलेला अंक सुतासारखा विटत नाहीं. आज नाना पेठेंतील सुट्या भागांच्या दुकानांतून घेतलेल्या रिलेच्या पायांशींही ३०, ८५, ८६ आणि ८७ हे त्या परंपरेंतील अंक दिसतात. ३० ला बॅटरीची वीज, ८७ वरून दिव्याला, आणि ८५ व ८६ हीं आंतील वेटोळ्याचीं टोंकें.

बारा व्होल्टांची वीज हाताला झटका देत नाहीं. म्हणून पुष्कळांस ती निरुपद्रवी वाटते, आणि येथेंच ते फसतात. पंचावन्न वॅटांचा एक दिवा सुमारें साडेचार अँपिअर वीज ओढतो, दोन दिवे नऊ अँपिअर. घरांतील घंटेची बारीक तार त्यांना जोडली तर ती तापणारच. आणि थेट पत्र्याशीं गांठ पडली तर तीच बॅटरी शेंकडों अँपिअर सोडूं शकते. झटका न देणारी ही वीज वेल्डिंग करूं शकते, हें विसरतां कामा नये.

अशा अनुभवांतून मोटारींत तार जोडण्याचे कांहीं नियम सर्वत्र रूढ झाले. काम करण्यापूर्वीं बॅटरीचें अर्थकडील टोंक प्रथम सोडावें, आणि काम संपल्यावर तेंच शेवटीं जोडावें. कारण दुसरें टोंक सोडतांना पाना पत्र्याला लागला तर ठिणगी उडते. अर्थ आधींच सुटलेली असली म्हणजे हें भय राहात नाहीं. तार दिव्याच्या भाराला पुरेल इतकी जाड घ्यावी. नव्या तारेचा फ्यूज दिव्याजवळ न बसवितां बॅटरीच्या निकट बसवावा. फ्यूज राखण करतो ती आपल्या पुढील तारेची, मागच्या तारेची नव्हे. पत्र्याच्या भोंकांतून तार नेतांना रबरी बुश घालावें, नाहीं तर गाडीच्या हादऱ्यानें पत्र्याची कड वेष्टन कापते. टोंकें नुसतीं पिळून त्यांवर काळी टेप गुंडाळूं नये; थिंबल दाबून बसवावें अथवा डाख द्यावा. आणि नवी तार शक्य तों मूळच्याच रंगाची घ्यावी, म्हणजे पुढच्या कारागिरास खोटा निरोप जात नाहीं.

ह्या नियमांचें मोल पुढील काळांत वाढतच गेलें. २०१० च्या सुमारास टाटांच्या नॅनो मोटारींपैकीं कांहींना आगी लागल्या, तेव्हां कंपनीनें चौकशीनंतर जीं कारणें सांगितलीं, त्यांत बाहेरून बसविलेलें विजेचें साहित्य हेंही एक होतें. दरम्यान गाडीची रचनाही पालटली होती. १९८६ सालीं बॉश कंपनीनें पुढें आणलेल्या योजनेप्रमाणें गाडींतील निरनिराळीं यंत्रें एकमेकांस पीळ घातलेल्या दोन तारांवरून संदेश पाठवूं लागलीं. त्या तारांना जुना तपासणीचा दिवा लावणें धोक्याचें; तेथें मीटर आणि त्या गाडीचा नकाशाच हवा. १ जुलै २०१९ पासून भारतांत नव्या मोटारींस चालकासाठीं एअरबॅग सक्तीची झाली. तिच्या जोडण्या बहुधा पिवळ्या असतात, आणि त्यांना तर दिवा मुळींच लावूं नये, कारण तेवढ्या विजेनेंही ती फुटूं शकते.

विजेवर चालणाऱ्या मोटारींनीं ह्या इतिहासाला निराळें वळण दिलें. पुण्याजवळच्या रांजणगांवच्या कारखान्यांतून २०२० सालीं बाहेर पडूं लागलेल्या नेक्सॉनच्या विद्युत् मोटारींत बॅटरीचा दाब तीनशें व्होल्टांहून अधिक असतो. तो माणसाचे प्राण घेऊं शकतो. अशा मोठ्या दाबाच्या तारांचें वेष्टन नारिंगी असावें, असें संयुक्त राष्ट्रांच्या नियमांत आहे. आणि १९६६ सालीं स्थापन झालेल्या, पुण्यांत वेताळ टेकडीवर असलेल्या ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशननें प्रसिद्ध केलेल्या ए. आय. एस. ०३८ ह्या भारतीय मानकांतही आहे. इंग्रज आणि जर्मन ज्यावर शंभर वर्षांत एकमत करूं शकले नाहींत, तें ह्या एका रंगाबाबत घडून आलें. नारिंगी तार कोणत्याही देशाच्या गाडींत एकच गोष्ट सांगते: ज्याला ह्या कामाचें शिक्षण नाहीं त्यानें हात लावूं नये.

बाकीचे रंग मात्र अद्यापि आपापल्या घराण्याचीच भाषा बोलतात, आणि जुन्या गाडींत तर मधल्या दहा दुरुस्त्यांनीं ती भाषाही भेसळ झालेली असते. तेव्हां रंगाला मान द्यावा, पण साक्ष विजेचीच घ्यावी. रंग हा माणसाचा शब्द आहे. तो चुकूं शकतो, विटूं शकतो, दुसऱ्यानें बदललेलाही असूं शकतो. बॅटरी सोडण्यास आणि तार तपासण्यास पांच मिनिटें लागतात. तेवढा वेळ देणाऱ्या कारागिराच्या हातून गाडी आणि तींत बसणारीं माणसें हीं दोन्ही सुखरूप घरीं जातात.