जबलपूरहून निघालेली फौज

१८५७-५८ च्या रणधुमाळीकडे आपण बहुधा झाशीच्या तटावरूनच पाहतो. त्यामुळे सर ह्यू रोजचे नाव मराठी वाचकास परिचित असते, परंतु त्याच सुमारास जबलपूरच्या छावणीतून उत्तरेकडे कूच केलेल्या जनरल व्हिटलॉकच्या फौजेची, पेशव्यांच्या कुळाशी निगडित अशी दोन संस्थाने तिनेच बुडविली असूनही, आपल्या इतिहासलेखनात क्वचितच दखल घेतली जाते.

१८१७ पर्यंत जबलपूरवर नागपूरकर भोसल्यांचा अंमल होता आणि सीताबर्डीच्या पराभवानंतर तो मुलूख कंपनी सरकारच्या पदरी पडला. चाळीस वर्षांनी तेथील बंदोबस्तास असलेली बंगाल सैन्याची ५२ वी पलटण अस्वस्थ होती. अशा वेळी गोंड राजवंशातील वृद्ध शंकरशाह आणि त्याचा पुत्र रघुनाथशाह यांच्यावर कटाचा आरोप ठेवून, शत्रूच्या संहारासाठी देवीची करुणा भाकणारी काही पद्ये घरात सापडली एवढाही पुरावा पुरेसा मानून, १८ सप्टेंबर १८५७ रोजी त्यांना तोफेच्या तोंडी देण्यात आले. या दहशतीने पलटण वचकून राहील असा अधिकाऱ्यांचा हिशेब असेल, तर तो एक रात्रही टिकला नाही. त्याच रात्री पलटण छावणी सोडून निघून गेली.

कामठीहून सिवनीच्या मार्गाने व्हिटलॉक ६ फेब्रुवारी १८५८ रोजी जबलपुरास पोचला. त्याच्या हाताखाली मद्रास सैन्यातील गोऱ्यांचे पायदळ, मद्रासी देशी पलटणी, घोडदळ आणि तोफखाना होता. त्याने सागरास साहाय्य करावे अशी अपेक्षा होती, पण सागरचा वेढा रोजने तीनच दिवसांपूर्वी उठविला होता. तरीही जबलपुरातून पाय निघण्यास १७ फेब्रुवारी उजाडली, आणि पुढचे दमोह जेमतेम पासष्ट मैलांवर असता तेथे पोचण्यास ४ मार्च! रसद, गाडे आणि अवजड तोफा यांची अडचण खरी होती. परंतु तशाच अडचणींतून रोज वाट काढीत होता, हे विसरून व्हिटलॉकची कड घेणे कठीण आहे. या मंदगतीची किंमत चरखारीच्या राजाने मोजली. तात्या टोपे त्याच्या शहरास वेढा घालून बसला असता, इंग्रजांच्या या मित्राला वाचवावे असा गव्हर्नर जनरलचा आग्रह होता. पण व्हिटलॉक दूर राहिला, रोज झाशीकडे वळला आणि तात्याने चोवीस तोफा व तीन लाख रुपये पदरात पाडून घेतले.

१९ एप्रिल रोजी या फौजेची बांद्याच्या नबाबाशी गाठ पडली. हा अली बहादूर म्हणजे बाजीराव-मस्तानीचा पुत्र, पानिपतावर जखमी होऊन मरण पावलेला समशेर बहादूर, याचा वंशज. नबाबाचा मोड झाला आणि बांदे पडले. तेथेही कुमक येईपर्यंत व्हिटलॉक मुक्काम ठोकून राहिला. तोवर रोजने काल्पी घेतली होती. मग जूनच्या आरंभी व्हिटलॉक कर्वीवर चालून गेला. दुसऱ्या बाजीरावाशी बिनसल्यावर इंग्रजांचा सात लाखांचा तनखा पतकरून उत्तरेत स्थायिक झालेल्या अमृतरावाची ही गादी. तिच्यावर आता नारायणराव आणि अल्पवयीन माधवराव होते. दोघे भाऊ आपण होऊन शरण आले. एक गोळीही न झाडता व्हिटलॉकच्या हाती चाळिसांहून अधिक तोफा, दारूगोळा आणि जडजवाहिराने भरलेला खजिना पडला.

येथपासून मोहिमेची सूत्रे सेनापतींकडून वकिलांकडे गेली. ही लूट कोणाची? आपण झाशी, काल्पी जिंकून शत्रू हटविला नसता, तर कर्वीचे दार व्हिटलॉकला असे उघडे सापडले असते काय, असा रोजच्या बाजूचा सवाल होता, आणि तो मला तर बिनतोड वाटतो. लंडनच्या नाविक न्यायालयात ऐंशी उलटलेल्या डॉ. लशिंग्टन यांच्यापुढे हा दावा चालला. १८६६ च्या निकालात, लुटीवर हक्क सांगण्यास प्रत्यक्ष सहकार्य लागते, दुरून झालेला लाभ पुरेसा नाही, असे ठरून रोजच्या फौजेचा हक्क अमान्य झाला. व्हिटलॉकच्या सैनिकांचा मान्य झाला. ज्यांच्या वाड्यातील ही दौलत, त्यांपैकी नारायणराव १८६० सालीच हजारीबागेच्या बंदिवासात वारला होता. माधवरावाला लहान वयामुळे माफी मिळून सरकारने त्याच्या शिक्षणाची सोय बरेलीस लावली होती.