कोमेडा
१. क्शिश्तॉफ त्शचिन्स्की (१९३१–१९६९) यांचे टोपणनाव. जन्म पोझनानचा, पेशा कान-नाक-घशाच्या डॉक्टरचा, ओढ जॅझची. त्या काळी पोलंडमध्ये जॅझकडे संशयाने पाहिले जाई. दवाखान्यातल्या सहकाऱ्यांना कळू नये म्हणून हे नाव घेतले. दिग्दर्शक पोलान्स्कींच्या ‘नाइफ इन द वॉटर’ (१९६२) आणि ‘रोझमेरीज बेबी’ (१९६८) या चित्रपटांचे संगीत त्यांचेच. दुसऱ्याच्या आरंभी अभिनेत्री मिया फॅरो अंगाई गुणगुणते. शब्द एकही नाही, तरी अंगावर काटा येतो. मात्र त्यांना निव्वळ चित्रपट-संगीतकार म्हणणे अन्यायाचे. १९६५ साली ध्वनिमुद्रित झालेली ‘अस्टिग्मॅटिक’ ही त्यांची जॅझ ध्वनिमुद्रिका वाचकांनी जरूर ऐकावी. लॉस एंजेलिसमध्ये अपघातात डोक्याला मार लागला. अडतिसाव्या वाढदिवसाला चार दिवस उरले असताना वॉर्सात निधन झाले. —संपा.