नासिर शेख (दिग्दर्शक)

नासिर शेख हे नाशिक जिल्ह्यातील मालेगाव येथील स्वतंत्र चित्रपट निर्माते व दिग्दर्शक आहेत. गाजलेल्या हिंदी व इंग्लिश चित्रपटांच्या स्थानिक विडंबनांसाठी ते ओळखले जातात. ‘मॉलीवूड’ या नावाने परिचित असलेल्या मालेगावच्या चित्रपटव्यवसायाचा पाया त्यांच्या ‘मालेगाव के शोले’ (२०००) या चित्रपटाने घातला.

पार्श्वभूमी

मुंबई–आग्रा महामार्गावरील मालेगाव हे यंत्रमागांचे शहर धुळे जिल्ह्याला लागून आहे. नाशिक जिल्ह्याच्या निर्मितीपूर्वी ते खानदेशात मोडत असे. येथील यंत्रमाग शुक्रवारी बंद असतात आणि सुटीच्या दिवशी चित्रपट पाहणे हा कामगारांचा प्रमुख विरंगुळा होता. शेख यांचे येथे व्हिडिओगृह होते. दोन व्हीसीआर जोडून चित्रफितींतील रटाळ भाग गाळता गाळता ते संकलन शिकले. लग्नसमारंभांचे चित्रीकरणही ते करीत.

कारकीर्द

‘मालेगाव के शोले’ हा १९७५ च्या ‘शोले’चे विडंबन असलेला चित्रपट सुमारे ५० हजार रुपयांत तयार झाला. त्यात घोड्यांच्या जागी सायकली आणि आगगाडीच्या जागी बस वापरली होती. फिरत्या दृश्यांसाठी कॅमेरा सायकलवर ठेवला जाई, तर उंचावरील दृश्यांसाठी बैलगाडीचा क्रेनसारखा उपयोग केला जाई. कलाकार प्रामुख्याने स्थानिक कामगार व हौशी नट होते. स्त्रीभूमिकांसाठी मात्र बाहेरगावच्या अभिनेत्री आणाव्या लागत. संवाद स्थानिक वळणाच्या हिंदीत असल्याने प्रेक्षकांना पडद्यावर आपलेच शहर भेटले. त्यानंतर त्यांनी ‘मालेगाव की शान’ हा चित्रपट, तसेच सब टीव्ही वाहिनीसाठी ‘मालेगाव का चिंटू’ ही मालिका केली.

मालेगाव का सुपरमॅन

या चित्रपटातील नायकाची भूमिका यंत्रमाग कामगार शफीक शेख यांनी केली. शहरातील अस्वच्छता व तंबाखूचे व्यसन हे त्यातील विनोदाचे विषय होते. नायकाच्या उड्डाणासाठी हिरव्या पडद्याचा वापर करण्यात आला. या निर्मितीवर फैजा अहमद खान यांनी ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ (२००८) हा माहितीपट केला. तो भारतातील चित्रपटगृहांत २०१२ मध्ये प्रदर्शित झाला. परंतु त्यापूर्वीच शफीक यांचे कर्करोगाने निधन झाले होते.

प्रभाव

या चित्रपटांना वितरणसंस्थांचे पाठबळ नव्हते; स्थानिक व्हिडिओगृहे हाच त्यांचा मुख्य आधार होता. घरोघरी तबकड्या व पुढे मोबाइल आल्यावर हा आधार क्षीण झाला. तथापि ‘खानदेश’ हे नाव मिरवणाऱ्या विनोदी चित्रफितींनी पुढे यूट्यूबवर मोठा प्रेक्षकवर्ग मिळवला.

शेख व त्यांच्या सहकाऱ्यांच्या जीवनावर रीमा कागती यांनी ‘सुपरबॉइज ऑफ मालेगाव’ हा हिंदी चित्रपट दिग्दर्शित केला. २०२४ मध्ये टोरांटो आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात तो प्रथम दाखवण्यात आला व फेब्रुवारी २०२५ मध्ये भारतात प्रदर्शित झाला. त्यात शेख यांची भूमिका आदर्श गौरव यांनी, तर शफीक यांची शशांक अरोरा यांनी साकारली आहे.