अल् खोरचा जांभळा रंग

दोह्याच्या उत्तरेला पन्नासेक किलोमीटरवर अल् खोर आहे. तिथल्या तिवरांमधून बेटाकडे चालत जाताना मला दरवेळी रत्नागिरीची खाडी आठवते. चिखलाचा वास अगदी तोच. बेटाला ‘पर्पल आयलंड’ म्हणतात. मी रसायनशास्त्र शिकवतो, त्यामुळे या नावावर माझा फार जीव आहे.

फ्रेंच पुरातत्त्वज्ञांनी इथे खणलं तेव्हा बॅबिलोनच्या कॅसाइट राजवटीच्या काळातली खापरं निघाली, आणि फोडलेल्या शंखांचा ढीग. अंदाजे २९ लाख शंख! तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वी इथे समुद्री गोगलगायींपासून जांभळा रंग काढत होते.

गोगलगायीच्या ग्रंथीतला रस आधी रंगहीन असतो. शंख फुटला की तिच्यातलंच विकर रसावर काम करतं आणि इंडॉक्सिलच्या कुळातलं, ब्रोमीन असलेलं संयुग मोकळं होतं. त्याच्या एका रूपात कीटोन आणि नायट्रोजन यांच्या मध्ये एकच कार्बन असतो. अशा संयुगाला अमिनो कीटोन म्हणतात. कीटोनमुळे मधल्या कार्बनवरचा हायड्रोजन सैल होतो, नायट्रोजन इलेक्ट्रॉन पुरवतो, म्हणून हवेतल्या ऑक्सिजनपुढे हे संयुग टिकत नाही. दोन रेणू त्या मधल्या कार्बनपाशी जोडले जातात आणि जांभळा रंग तयार होतो. शेंगदाणे भाजताना येणारा खरपूस वासही बराचसा अमिनो कीटोनचे रेणू जोडीने एकत्र येऊन बनलेल्या पायराझिनांचा असतो.

ब्रोमीन वगळलं तर हीच आपली नीळ. निळीच्या झाडाच्या पानांतून निघणाऱ्या इंडॉक्सिलचीही हवेत अशीच जोडी जमते. १८९७ साली जर्मनीत कारखान्यातली नीळ बाजारात आली आणि हिंदुस्थानातल्या निळीच्या शेतीला उतरती कळा लागली.

१९०९ साली रसायनशास्त्रज्ञ पॉल फ्रीडलेंडर यांनी भूमध्य समुद्रातल्या १२,००० गोगलगायींपासून जेमतेम १.४ ग्रॅम रंग मिळवला आणि त्यातला ब्रोमीन ओळखला. अल् खोरच्या गोगलगायींची जात वेगळी. तरी तोच हिशेब धरला तर २९ लाख शंखांतून ३४० ग्रॅमच्या आसपास रंग निघाला असेल. साखरेच्या अर्ध्या किलोच्या पुडीपेक्षाही कमी.

एवढ्याशा रंगासाठी ज्यांनी उन्हात बसून शंख फोडले, त्यांच्यापैकी एकाचंही नाव उरलेलं नाही. कतारमधल्या मराठी आईबापांनी मुलांना एकदा तरी या बेटावर न्यावं, आणि पायाखालचा शंखाचा तुकडा उचलून न घेता नुसता दाखवावा.