युद्धांतील इस्पितळी जहाजें

युद्धकाळीं समुद्रावर रात्र पडली कीं प्रत्येक जहाज अंधारांत लपूं पाहतें. खिडक्यांवर जाड पडदे ओढले जातात, डेकवर विडी ओढण्याचीहि मनाई होते, आणि शत्रूच्या पाणबुडीस मागमूस लागूं नये म्हणून कप्तान डोळ्यांत तेल घालून पहारा करतो. अशा वेळीं एकाच जातीचें जहाज असें असतें कीं, जें सर्व दिवे लावून, आपल्या पांढऱ्या अंगावर प्रकाशाचे झोत सोडून, भर समुद्रांतून उघडपणें चाललेलें असतें. त्यावर तोफ नसते. सोबतीला लढाऊ जहाज नसतें. लपणें हें इतरांचें संरक्षण. दिसणें हेंच याचें संरक्षण. इस्पितळी जहाज तें हेंच. या जहाजांचा इतिहास म्हणजे दिलेल्या शब्दाचा इतिहास आहे. आणि तो शब्द केव्हां शत्रूनें मोडला, तर केव्हां स्वकीयांनींच मोडला, हें त्यांतील सर्वांत शिकण्यासारखें प्रकरण होय.

पूर्वीं आरमारांबरोबर आजाऱ्यांसाठीं एखादें जुनें गलबत ठेवीत असत. परंतु त्याला शत्रूकडून अभय असे असें नव्हे. १८५४ सालीं क्रिमियाच्या युद्धांत आल्मा नदीवरील लढाईनंतर इंग्रजांचे जखमी व पटकीनें पछाडलेले शिपाई काळ्या समुद्रापलीकडे, कॉन्स्टँटिनोपलसमोरील स्कुटारीच्या इस्पितळांत, जहाजांनीं नेण्यांत आले. तीं जहाजें सैन्य वाहण्यासाठीं घेतलेलीं. त्यांवर खाटा नाहींत, डॉक्टर मोजके, आणि माणसें दाटीवाटीनें डेकवर पडलेलीं. वाटेंतच कित्येकांना जलसमाधि मिळाली. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरांत फ्लॉरेन्स नाइटिंगेल स्कुटारीस पोहोंचल्या, तेव्हां त्यांच्यासमोर आलेल्या हालांचा पहिला अंक समुद्रावरच होऊन गेला होता.

१८६४ च्या जिनीव्हा करारानें जमिनीवरील जखमींना व त्यांची शुश्रूषा करणारांना अभय मिळालें. समुद्रासाठीं १८६८ सालीं कांहीं कलमें तयार झालीं, पण तीं अंमलांत आलीं नाहींत. अखेर १८९९ सालीं हेग येथील परिषदेनें हा प्रश्न सोडविला, व १९०७ च्या दुसऱ्या परिषदेनें नियमांस अधिक स्पष्ट रूप दिलें. सरकारी इस्पितळी जहाज बाहेरून पांढरें रंगवावें आणि त्यावर सुमारें दीड मीटर रुंदीचा हिरवा पट्टा आडवा ओढावा. खाजगी गृहस्थांनीं किंवा संस्थांनीं सज्ज केलेल्या जहाजावर तसाच तांबडा पट्टा असावा. राष्ट्राच्या निशाणाबरोबर पांढऱ्यावर तांबड्या क्रुसाचें निशाण फडकावें. आणि जहाजाचें नांव उभय पक्षांस आधींच कळवावें, असें ठरलें. उलटपक्षीं जहाजावरहि बंधनें पडलीं. त्यानें कोणत्याहि देशाच्या जखमींस मदत केली पाहिजे. लष्करी कामासाठीं त्याचा उपयोग होतां कामा नये. आणि शत्रूनें झडती घेऊं म्हटल्यास ती घेऊं दिली पाहिजे. थोडक्यांत, त्या जहाजानें लढण्याचा हक्क सोडून द्यावयाचा आणि मोबदल्यांत अभय घ्यावयाचें, असा हा सौदा होता.

या कार्यांत एका मराठी राजघराण्याचा वांटा आहे, ही गोष्ट सहसा कोणाच्या लक्षांत नसते. १९०० सालीं चीनमध्यें बॉक्सर लोकांचा उठाव झाला, त्या वेळीं हिंदुस्थानांतून गेलेल्या फौजेसाठीं ग्वाल्हेरचे माधवराव महाराज शिंदे यांनीं ‘ग्वालियर’ नांवाचें इस्पितळी जहाज सज्ज करून दिलें, आणि महाराज स्वतःहि जनरल गॅसेली यांच्या हाताखालीं चीनला गेले. पुढें १९१४ सालीं पहिलें महायुद्ध पेटल्यावर त्यांनीं ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ ही प्रवासी आगबोट विकत घेवविली. तीच ‘लॉयल्टी’ या नव्या नांवानें इस्पितळी जहाज झाली. युद्ध संपल्यावर हेंच जहाज सोलापूरचे वालचंद हिराचंद व त्यांचे सहकारी यांच्या नव्या कंपनीनें घेतलें, आणि कंपनीला नांवहि ‘सिंदिया’ असेंच पडलें. ५ एप्रिल १९१९ रोजीं ‘लॉयल्टी’ मुंबईहून लंडनला निघाली. तो दिवस भारतांत राष्ट्रीय नौकानयन दिन म्हणून पाळला जातो. तो पाळणारांपैकीं फार थोड्यांना हें ठाऊक असतें कीं, त्या बोटीच्या खोल्यांतून पूर्वीं जखमी शिपाई कण्हत पडलेले होते.

परंतु समुद्रावर इस्पितळी जहाजें सज्ज असलीं, म्हणजे जखमी त्यांच्यापर्यंत सुखरूप पोहोंचतोच असें नाहीं. ही गोष्ट १९१५ च्या अखेरीस मेसोपोटेमियांत, म्हणजे हल्लींच्या इराकांत, भयंकर रीतीनें सिद्ध झाली. त्या मोहिमेचा मुख्य भार जनरल टाउनशेंड यांच्या सहाव्या, म्हणजे पुणें, डिव्हिजनवर होता. तींत १०३, ११० व ११७ या क्रमांकांच्या तीन मराठा पलटणी होत्या. देशावरचे व कोकणांतले मराठे आणि दख्खनी मुसलमान यांनीं त्या भरलेल्या होत्या; त्यांत लढणाऱ्या कित्येकांनीं फौजेंत दाखल होण्यापूर्वीं समुद्रहि पाहिलेला नव्हता. तैग्रिस नदीच्या कांठाकांठानें ही फौज बगदादच्या रोखानें वर वर सरकत गेली, आणि नोव्हेंबरच्या २२ तारखेस टेसिफोन येथें तिची तुर्कांशीं गांठ पडली. त्या लढाईंत तिची सुमारें साडेचार हजार माणसें मारलीं गेलीं व जखमी झालीं.

त्या जखमींपुढील मार्ग असा होता. प्रथम रणांगणापासून नदीपर्यंत खेंचरांच्या गाड्यांतून जावयाचें. या गाड्यांना स्प्रिंगा नव्हत्या. मोडलेल्या हाडांच्या माणसाला त्यांतून खाचखळग्यांवरून नेलें म्हणजे काय होत असेल, हें सांगावयास नकोच. नंतर नदीच्या वाटेनें शेंकडों मैल खालीं बसरा बंदरापर्यंत. समुद्रावरचीं मोठीं जहाजें बसऱ्यापर्यंत येऊं शकत. त्यापुढें नदी उथळ व नागमोडी असल्यामुळें त्यांना जातां येत नसे. म्हणून बसऱ्याच्या वरच्या बाजूस नदीवर चालणाऱ्या लहान आगबोटी हव्या होत्या. त्या मुळांतच थोड्या. आणि जखमींसाठीं म्हणून खास राखून ठेवलेली, खाटा, पाणी, शौचकूप व स्वयंपाक यांची सोय असलेली एकहि बोट या लढाईच्या वेळीं तयार नव्हती. जी आगबोट वर जातांना शिपाई, दारूगोळा आणि जनावरें नेई, तीच खालीं येतांना जखमींना आणी.

बसऱ्यास त्या वेळीं ‘वरेला’ नांवाचें इस्पितळी जहाज उभें होतें. तें सर्व नियमांप्रमाणें सज्ज होतें, व त्याचा वैद्यकीय कारभार इंडियन मेडिकल सर्व्हिसमधील मेजर कार्टर यांच्याकडे होता. एके सायंकाळीं ‘मेजिदिये’ ही नदीवरील आगबोट, दोन्ही बाजूंना पडाव बांधलेली, टेसिफोनचे जखमी घेऊन त्यांच्या जहाजाकडे येतांना दिसली. दुरून पाहतां तिच्या बाजूंवरून दोर लोंबत आहेत असें कार्टर यांना वाटलें. बोट जवळ आल्यावर दुर्गंधीनें खरा प्रकार कळला. ते दोर नव्हते; तो माणसांचा मैला होता. डेकवर माणसें इतकीं दाटून पडलेलीं होतीं कीं, कोणासहि कडेपर्यंत सरकतां येईना. जेथें पडले तेथेंच त्यांचे सर्व विधि झाले होते. सुमारें सहाशें माणसें त्या बोटीवर व पडावांवर होतीं. पांघरुणें नाहींत, छप्पर नाहीं. कित्येकांच्या जखमांच्या पट्ट्या रणांगण सोडल्यापासून कोणीं बदललेल्या नव्हत्या, आणि जखमांत किडे पडले होते.

हीं माणसें शत्रूच्या तोफेनें या दशेस पोहोंचलेलीं नव्हतीं. तुर्कानें त्यांना जखमी केलें, एवढाच त्याचा भाग. बाकीचें सर्व काम स्वपक्षाच्या काटकसरीनें, आंधळ्या आशावादानें आणि कागदी बंदोबस्तानें केलेलें होतें. हेगच्या नियमांनीं शत्रूपासून अभय दिलें होतें. स्वकीयांच्या अनास्थेपासून अभय देणारें कलम कोणत्याच परिषदेनें लिहिलेलें नव्हतें. आणि याहून खेदाची गोष्ट अशी कीं, याच सुमारास मुख्य ठाण्याकडून वर गेलेल्या तारेंत जखमींची व्यवस्था समाधानकारक झाल्याचें व वैद्यकीय खात्यानें उत्तम काम बजावल्याचें कळविण्यांत आलें होतें.

मेजर कार्टर यांनीं पाहिलें तें लिहून वरिष्ठांस कळविलें. त्याबद्दल त्यांना शाबासकी मिळाली नाहीं. ते लुडबुड करणारे आहेत, अशी त्यांची संभावना झाली आणि जहाज हातचें काढून घेण्याची धमकी त्यांना मिळाली. तरी ते मागें हटले नाहींत. हिंदुस्थान सरकारनें व्हिन्सेंट व बिंगली यांची समिति १९१६ सालीं नेमली. त्यानंतर विलायतेंत पार्लमेंटनें लॉर्ड जॉर्ज हॅमिल्टन यांच्या अध्यक्षतेखालीं मेसोपोटेमिया कमिशन बसविलें. त्याचा अहवाल १९१७ च्या उन्हाळ्यांत प्रसिद्ध होतांच इंग्लंडांत खळबळ उडाली, व हिंदुस्थानचे स्टेट सेक्रेटरी ऑस्टेन चेंबरलेन यांनीं राजीनामा दिला. चौकशी चालू असतांनाच तैग्रिसवरील व्यवस्था सुधारूं लागली होती. जखमींसाठीं वेगळ्या आगबोटी आल्या, इस्पितळें वाढलीं, आणि १९१७ च्या मार्चमध्यें बगदाद हातीं आलें त्या मोहिमेंत पूर्वींचे हाल पुन्हां झाले नाहींत. पुणें डिव्हिजनला मात्र त्याचा लाभ व्हावयाचा नव्हता. ती टेसिफोनहून मागें येऊन कूट येथें वेढ्यांत सांपडली, आणि १९१६ च्या एप्रिलअखेर तुर्कांना शरण गेली होती.

आतां शत्रूच्या बाजूचा विचार केला पाहिजे. अभय हें दोन्ही पक्षांच्या विश्वासावर उभें असल्यामुळें, संशयाचा एक थेंबहि त्याला विषासारखा होतो. १९१४ च्या ऑक्टोबरांत ‘ओफेलिया’ हें जर्मन इस्पितळी जहाज इंग्रजांनीं पकडलें. त्यावर इशाऱ्याचे दिवे गरजेपेक्षां फार सांपडले, आणि कांहीं कागद समुद्रांत फेंकून देण्यांत आले होते. तेव्हां तें हेरगिरीसाठीं वापरलें जात होतें असें ठरवून इंग्रज न्यायालयानें तें जप्त केलें. उलट १९१७ च्या आरंभीं जर्मनीनें आरोप केला कीं, इंग्रजांचीं इस्पितळी जहाजें सैन्य व दारूगोळा वाहतात, आणि ठराविक टापूंत त्यांची गय केली जाणार नाहीं असें जाहीर केलें. त्याच एप्रिलमध्यें इंग्लिश खाडींत ‘लॅनफ्रँक’ जहाज पाणबुडीनें बुडविलें. त्यावर जर्मन जखमी कैदीहि होते. त्यांतील कित्येक आपल्याच देशाच्या पाणतीरानें प्राणांस मुकले.

याहून निर्घृण प्रकार २७ जून १९१८ च्या रात्रीं घडला. कॅनडांत जखमींना उतरवून ‘लँडोव्हरी कॅसल’ हें जहाज सर्व दिवे लावून इंग्लंडकडे परत येत असतां, आयर्लंडच्या पश्चिमेस एका जर्मन पाणबुडीनें तें बुडविलें. जहाजावर अमेरिकन वैमानिक असल्याचा संशय खोटा ठरल्यावर, साक्षीदार उरूं नये म्हणून तिनें माणसांनीं भरलेल्या होड्यांवरहि गोळीबार केला. २५८ जणांपैकीं एका होडींतील २४ तेवढे वांचले. चौदाहि कॅनेडियन परिचारिका बुडाल्या. १९२१ सालीं लाइपझिग येथील जर्मन न्यायालयानेंच दोन अधिकाऱ्यांना चार चार वर्षांची शिक्षा ठोठावली. होड्यांत बसलेल्या निराधारांस मारण्याचा हुकूम उघड बेकायदा असल्यामुळें, ‘वरिष्ठांचा हुकूम होता’ ही सबब चालणार नाहीं, असा निर्णय तेथें झाला. ते अधिकारी लौकरच तुरुंगांतून निसटले, तरी निर्णय मात्र पुढील काळांत वारंवार आधारास घेतला गेला.

दुसऱ्या महायुद्धांत तेंच दुःख पुन्हां भोगावें लागलें. १४ मे १९४३ च्या पहांटे ऑस्ट्रेलियाचें ‘सेंटॉर’ हें दिव्यांनीं उजळलेलें जहाज क्वीन्सलंडच्या किनाऱ्याजवळ जपानी पाणबुडीनें बुडविलें. ३३२ पैकीं २६८ माणसें गेलीं. आणि १९४५ च्या ऑगस्टमध्यें ‘ताचिबाना मारू’ या जपानी इस्पितळी जहाजाची अमेरिकन विनाशिकांनीं झडती घेतली, तेव्हां रुग्णांच्या वेषांत सुमारें पंधराशें शिपाई त्यावर सांपडले. एका ठिकाणीं शब्दावर विसंबणारे बुडाले. दुसऱ्या ठिकाणीं शब्दाच्या आड शस्त्र लपविलें गेलें. दुसऱ्या प्रकारचें पाप पहिल्यास निमित्त पुरवितें, एवढें ध्यानांत ठेवणें अवश्य आहे.

१९४९ च्या जिनीव्हा करारानें हिरवे-तांबडे पट्टे गेले. सर्व अंग पांढरें व त्यावर गडद तांबडे क्रूस, असें नवें रूप ठरलें. १९८२ सालीं फॉकलंड बेटांच्या युद्धांत इंग्लंड व अर्जेंटिना यांनीं बेटांच्या उत्तरेस समुद्राचा एक भाग इस्पितळी जहाजांसाठीं मोकळा ठेवला. तेथें इंग्रजांच्या ‘युगांडा’ जहाजानें बऱ्या केलेल्या अर्जेंटिनी जखमींना त्यांच्या देशाच्या जहाजांवर सुपूर्द केलें. ज्या ब्रिटिश इंडिया कंपनीची ‘वरेला’, तिच्याचसाठीं ‘युगांडा’ही बांधलें गेलें होतें. दोन्ही पक्षांनीं मनावर घेतलें तर हा शब्द पाळतां येतो, हें तेथें दिसून आलें.

तात्पर्य, पांढरा रंग म्हणजे चिलखत नव्हे. शत्रूनें तो पाहून हात आवरावा, आणि स्वकीयांनीं त्याच्या आड दुसरें कांहीं लपवूं नये, इतकेंच त्याचें बळ. परंतु बसऱ्याच्या बंदरांत त्या सायंकाळीं तिसरी एक गोष्ट उघड झाली. जखमीला समुद्रावरील शुभ्र जहाजापर्यंत पोहोंचविणारी नदीवरील लहान, मळकट बोट हीहि त्याच अभयाचा भाग आहे. आणि तिच्याकडे पाहून ‘व्यवस्था समाधानकारक आहे’ असें न लिहिणारा एक तरी माणूस जागेवर असावा लागतो.