यानाच्या आत काय होतं?

प्रदर्शित झालेला चित्रपट दिग्दर्शकाने पुन्हा उघडायचा, ही चाल विज्ञानपटांत रुजवण्यात स्टीव्हन स्पीलबर्गच्या ‘क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड’चा वाटा मोठा आहे. आपल्या खालापूरजवळच्या हाळ गावात त्याचा एक प्रसंग चित्रित झाला. हे सूर कुठून आले, असं विचारताच सगळा जमाव एकदम आकाशाकडे बोटं दाखवतो, तो हाच.

स्पीलबर्गला आणखी वेळ हवा होता. पण कोलंबिया स्टुडिओ पैशांच्या अडचणीत होता, म्हणून नोव्हेंबर १९७७ मध्येच चित्रपट लागला आणि तुफान चालला. राहिलेलं काम पुरं करायला स्टुडिओने मग पैसे दिले, पण अट घातली: परग्रहवासीयांचं यान आतून दाखवायचं. १९८० साली ‘स्पेशल एडिशन’ आली. तीत गोबीच्या वाळवंटात सापडलेलं जहाज आलं. नायक रॉय कपड्यांसकट शॉवरखाली बसलाय, बायको संतापलीय, मुलगा त्याला रडका म्हणून ओरडतोय, हा प्रसंगही आला. संसार मोडतो तो इथे, आणि ही भर मला फार मोलाची वाटते. मात्र रॉय घरात माती-विटा फेकून डोंगर रचतो, तो भाग गेला. एकूण लांबी मूळ चित्रपटापेक्षा कमीच भरली!

यानाच्या आतल्या दृश्याने मात्र घात केला. मूळ शेवटी रॉय आत जातो आणि आपण खालीच राहतो. पुढचं सगळं आपल्या कल्पनेवर सोडलेलं असतं. आत नेल्यावर दिसतात ते फक्त दिवे. स्पीलबर्गलाही ते पुढे खटकलं. १९९८च्या आवृत्तीत त्याने जहाज, शॉवर आणि माती-विटा ठेवल्या, यानाचा अंतर्भाग तेवढा काढला.

पुढे ‘ब्लेड रनर’च्या १९९२च्या ‘डायरेक्टर्स कट’मधून निवेदन आणि गोड शेवट गेले, एकशिंगी घोड्याचं स्वप्न आलं, नायक स्वतःच कृत्रिम माणूस आहे की काय, ही शंका त्यातून बळावली. ‘एलियन्स’च्या वाढीव आवृत्तीत नायिका रिप्लीला कळतं, की आपण ५७ वर्षं अंतराळात निद्रिस्त असताना आपली मुलगी म्हातारी होऊन वारली. मग न्यूट नावाच्या पोरीसाठी ती जिवावर उदार का होते, हे वेगळं सांगावं लागत नाही.

‘क्लोज एन्काउंटर्स’ पहिल्यांदा पाहणार असाल, तर १९९८चीच आवृत्ती पाहा.