शर्ली चिझम यांची राजकीय वाटचाल

शर्ली चिझम या अमेरिकी काँग्रेसवर निवडून आलेल्या पहिल्या कृष्णवर्णीय महिला. त्यांचा जन्म ३० नोव्हेंबर १९२४ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात झाला. वडील चार्ल्स सेंट हिल मूळचे ब्रिटिश गयानाचे, आई रूबी बार्बाडोसची. वडील बारदानाच्या कारखान्यात आणि बेकरीत राबत. आई शिवणकाम करी, लोकांच्या घरी कामाला जाई. एवढ्या मिळकतीत मुलींना वाढवून चार पैसे गाठीला बांधणे जमेना, म्हणून शर्ली आणि तिच्या दोन धाकट्या बहिणींना बार्बाडोसला आजीच्या शेतावर ठेवले गेले. तिथल्या कडक ब्रिटिश वळणाच्या शाळेत भाषेचा पाया पक्का झाला. १९३४ मध्ये मुली परतल्या.

ब्रुकलिन कॉलेजातून १९४६ मध्ये पदवी घेतल्यावर चिझम बालशिक्षणाकडे वळल्या. शिक्षिका, पाळणाघराच्या संचालिका, मग शहराच्या बालसंगोपन विभागात सल्लागार असा त्यांचा प्रवास झाला. नोकरीवर जाणाऱ्या गरीब आयांची ओढाताण त्यांनी या काळात रोज पाहिली. त्यांच्या पुढच्या कायदेविषयक कामाचे मूळ इथेच आहे.

राजकारणाची उमेदवारी मात्र डेमोक्रॅटिक पक्षाच्या स्थानिक क्लबात झाली. निर्णय पुरुष घेत. बायकांनी निधीसाठी सोडतीची तिकिटे खपवायची. तिकिटे आणि पैसे ठेवायला सिगारचे रिकामे खोके सजवण्याचे काम चिझम यांच्याकडे होते. पैसा आम्ही उभा करतो, मग खर्चाला हात का पसरायचा, असा प्रश्न त्यांनी इतर बायकांना घेऊन लावून धरला आणि क्लबाला रक्कम द्यावी लागली.

१९६४ मध्ये त्या न्यूयॉर्क राज्याच्या विधानसभेवर निवडून आल्या. घरकामगार बायकांना बेकारी भत्त्याचा हक्क मिळवून देण्यात आणि वंचित विद्यार्थ्यांना महाविद्यालयाची दारे उघडणाऱ्या योजनेत त्यांचा पुढाकार होता. १९६८ च्या काँग्रेसच्या निवडणुकीत त्यांच्यासमोर नागरी हक्क चळवळीतले नामवंत नेते जेम्स फार्मर होते. फार्मर यांच्या प्रचाराचा भर पुरुषी नेतृत्वावर होता. आपण ना कुणाला विकलो, ना कुणाच्या ताब्यात, ही चिझम यांची घोषणा होती. ध्वनिवर्धक लावलेल्या गाडीतून त्या वस्त्यावस्त्यांत फिरल्या, प्वेर्तो रिकन मतदारांशी स्पॅनिशमध्ये बोलल्या आणि मोठ्या फरकाने जिंकल्या.

काँग्रेसमध्ये त्यांना कृषी समितीवर नेमण्यात आले. दाट लोकवस्तीच्या ब्रुकलिनच्या प्रतिनिधीला शेती आणि जंगलांचे काम देणे म्हणजे तिला बाजूला सारणेच होते. नव्या सदस्याने गप्प राहावे हा संकेत मोडून त्यांनी सभागृहात हरकत घेतली आणि नेमणूक बदलून घेतली. पहिल्या भाषणात त्यांनी व्हिएतनाम युद्धावरच्या खर्चाला विरोध केला. १९७१ मध्ये सर्व थरांतील मुलांसाठी बालसंगोपनाचे विधेयक त्यांनी काँग्रेस सदस्या बेला अॅबझग यांच्यासह पुढे रेटले. त्याचे कमी खर्चाचे रूप संमत झाले, पण राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी नकाराधिकार वापरला.

जानेवारी १९७२ मध्ये त्यांनी राष्ट्राध्यक्षपदासाठी पक्षाची उमेदवारी मागितली. कृष्णवर्णीय पुढारी आणि स्त्रीवादी संघटना, दोन्हीकडून अपेक्षित बळ मिळाले नाही, तरी अधिवेशनात त्यांना १५२ प्रतिनिधींची मते पडली. प्रचारादरम्यान वंशविभाजनाचे कट्टर समर्थक जॉर्ज वॉलेस गोळीबारात जखमी झाले, तेव्हा चिझम त्यांना भेटायला इस्पितळात गेल्या. चिझम यांचे समर्थक संतापले. पुढे १९७४ मध्ये घरकामगारांना किमान वेतन कायद्याखाली आणताना दक्षिणेकडील सदस्यांची मते वळवायला याच वॉलेस यांनी मदत केली. चिझम यांची ओळख १९७२ च्या उमेदवारीने सांगितली जाते, पण लाखो बायकांच्या हाती रोकड पोहोचवणारा हा कायदा त्या उमेदवारीहून मोठा मानायला हवा.

१९८३ मध्ये काँग्रेसमधील सात कार्यकाळ पूर्ण करून त्या निवृत्त झाल्या आणि माउंट होलिओक कॉलेजात शिकवू लागल्या. १९९३ मध्ये जमैकातील राजदूतपदासाठी त्यांचे नाव पुढे आले, ते प्रकृतीमुळे त्यांनी मागे घेतले. १ जानेवारी २००५ रोजी फ्लोरिडात त्यांचे निधन झाले. २०१५ मध्ये त्यांना मरणोत्तर राष्ट्राध्यक्षीय स्वातंत्र्यपदक देण्यात आले.